साफ केलेला श्वास

‘लव्हली’ हा शब्द माझ्या डोक्यात जातो. नवीन नवीन या देशात आले तेव्हा तो मला आवडायचा, हे आता आठवलं तरी हसू येतं. बसमध्ये कुणाला जागा दिली की लव्हली, दोन तास ऊन पडलं की लव्हली, मिटिंगमध्ये तुमचं म्हणणं केराच्या टोपलीत टाकायचं ठरलेलं असलं तरी आधी लव्हली. एका थिएटरच्या बाहेर, हातात वाइनचा ग्लास घेतलेल्या एका तरुण दिग्दर्शकाने तो शब्द माझ्या तोंडावर मारला, आणि तेव्हापासून तो ऐकला की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. नवरा म्हणतो, "सोड ना आता, अगं. मूव्ह ऑन." मला सोडायचं नाहीये, म्हणूनच हे लिहायला बसले आहे.

लंडनच्या पिनर या उपनगरातलं आमचं घर जोडघर आहे. दोन घरांत भिंत एकच. पलीकडे एक म्हातारे ग्रीक गृहस्थ एकटे राहतात आणि इथल्या उन्हात टोमॅटो पिकवण्याचा हट्ट दरवर्षी करतात, एवढीच आम्हाला त्यांची माहिती होती. घरात आम्ही त्यांना ‘पलीकडचे काका’ म्हणायचो. ते सिनेमाचे संगीतकार आहेत, तेही बऱ्यापैकी नावाजलेले, याचा पत्ता आम्हाला नव्हता. तो लागला माझ्या पेटीमुळे.

पेटी वडिलांची. ते पुण्यात शाळेत गणित शिकवायचे आणि संध्याकाळी एका गायनाच्या क्लासला साथ करायचे. ते गेल्यावर मी ती विमानातून इकडे आणली. सगळ्या प्रवासात तिला काही झालं नाही, पण आमच्या सेंट्रल हीटिंगने एका हिवाळ्यात तिची वाट लावली. लाकूड सुकलं, भात्याच्या घडीवरचं चामडं तडकलं आणि हवा गळायला लागली. भाता मारला की आधी एक कण्हल्यासारखा आवाज यायचा, मग लांब हुस्स, आणि मग कुठे सूर. नवरा म्हणायचा, "अगं, रिपेअर करून घे ना. वेम्बलीला कुणीतरी असेलच." मीही ‘बघते’ म्हणून पुढे ढकलत होते.

एका शनिवारी सकाळी मी वाजवत असताना बेल वाजली. दारात पलीकडचे काका. मी ओठांवर सॉरी तयारच ठेवलं होतं, कारण नवऱ्याने मला आधीच घाबरवून ठेवलं होतं की म्हातारा एक दिवस कौन्सिलला कंप्लेंट करेल. पण त्यांनी विचारलं भलतंच.

"सुरांच्या आधी जे येतं, ते काय आहे?"

"ते काही नाही," मी म्हणाले. "भाता गळतोय. दुरुस्त करून घेणार आहे."

"नको!" ते एवढ्या मोठ्याने ओरडले की समोरच्या घरातल्या बाईंनी पडदा बाजूला करून पाहिलं. मग त्यांनाच ओशाळल्यासारखं झालं. आत येऊ का, म्हणाले. मी चहा टाकला.

त्यानंतर ते बरेचदा येत गेले आणि मी त्यांच्याकडे जात गेले. त्यांचा डावा कान आधीच गेलेला होता आणि उजवा जायच्या मार्गावर होता, त्यामुळे मी नेहमी त्यांच्या उजव्या हाताला बसायचे. त्यांचं लहानपण एका बंदराच्या गावात गेलं. तिथे उन्हाळ्यात उघड्या अंगणात सिनेमे दाखवायचे आणि त्यांचे वडील तिथे प्रोजेक्टर चालवायचे. पडद्यावर नायिका रडत असायची आणि शेजारच्या घरांतून ताटांचा आवाज यायचा, कुणी पोराला हाक मारायचं, कुत्री भुंकायची. सिनेमाचं संगीत म्हणजे या सगळ्याला जागा ठेवून उरलेलं, असं त्यांच्या डोक्यात तेव्हाच बसलं. पुढे शिकायला लंडनला आले आणि इथलेच झाले.

तरुणपणी त्यांनी कोळ्यांवरच्या एका सिनेमाला संगीत दिलं. त्यातली एक धून तुफान चालली. सुट्टीवर जाणाऱ्यांच्या बोटींवर, हॉटेलांत, लग्नांत ती वाजत राहिली. आणि मग जन्मभर जो निर्माता आला त्याने तेच मागितलं. थोडं ऊन द्या, थोडा समुद्र द्या, आणि बुझुकी हवीच. बुझुकी हे त्यांच्याकडचं तंतुवाद्य. सिनेमा स्कॉटलंडमधल्या खाणकामगारांचा असला तरी बुझुकी! "मी आयुष्यभर एकाच गोष्टीला नाही म्हणत आलो," ते म्हणाले, "आणि लोक मला तिच्याचवरून ओळखतात." हे सांगताना ते हसत होते. राग मलाच आला. ऑफिसात कुणी नवीन भेटलं की आधी करीचा आणि मग योगाचा विषय काढतं, त्यामुळे मला ते फार सोपं समजलं.

त्यांची काम करायची एक पद्धत होती. सिनेमा हातात आला की आधी आवाज बंद करून बघायचे. पहिल्या खेपेला फक्त एवढंच ठरवायचे की संगीत कुठे नको. दुसऱ्या खेपेला नटाच्या छातीकडे बघत बसायचे. माणूस श्वास कसा घेतो, केव्हा रोखतो, केव्हा सोडतो. त्यांच्या संगीताची लय तिथून यायची. इतर लोक कानात ठोक्यांची टिकटिक लावून रेकॉर्डिंग करतात. ते मांडीवर तळहात ठेवायचे आणि पडद्यावरच्या माणसाबरोबर तो उचलायचे, टेकवायचे. वादकांनी त्या हाताकडे बघायचं. मी पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा मला वडील आठवले. गायक समेवर यायच्या आधी श्वास घेतो तो त्यांना मागे बसूनही कळायचा.

त्या सुमारास त्यांच्याकडे एक सिनेमा आला होता. हा आपला शेवटचा, हे त्यांना माहीत होतं, कारण डॉक्टरांनी उजव्या कानाबद्दल स्पष्ट सांगितलं होतं. गोष्ट साधी. एक इंग्रज म्हातारा घरीच शेवटचे दिवस मोजतोय आणि त्याची काळजी घ्यायला ठेवलेली आपल्याकडची एक बाई त्याच्या उशाशी बसलेली आहे. शेवटच्या प्रसंगात कुणी काही बोलत नाही. तो श्वास घेतो, ती बघते, आणि मग तो थांबतो. बस.

निर्मात्यांचं म्हणणं काय असेल, सांगायला नकोच. बाई भारतीय आहे ना, मग तिथे काहीतरी भारतीय हवं. बासरी चालेल, सतार चालेल, एखादी बाई आर्त आलाप घेत असेल तर उत्तमच. काकांनी मला तो प्रसंग दाखवला आणि म्हणाले, "ती बाई गात नाहीये. ती कामावर आहे." त्यांना तिथे सूर नकोच होता. त्यांना हवा होता माझा गळका भाता. एकही पट्टी न दाबता नुसता भाता उघडायचा आणि मिटायचा, म्हाताऱ्याच्या श्वासाबरोबर. सगळ्या प्रसंगाला तेवढंच संगीत.

मी हो म्हणाले, आणि घरी येऊन बाथरूमचं दार लावून रडले. का, ते सांगते.

वडील पुण्यात हॉस्पिटलमध्ये होते तेव्हा आमचा व्हिसा वाढवायचा अर्ज चालू होता. त्या काळात देशाबाहेर पाऊल टाकलं तर अर्ज रद्द. नोकरी गेली असती, घर गेलं असतं. मी गेले नाही. शेवटी भावाने व्हिडिओ कॉल लावला. वडील बोलत नव्हते, डोळे मिटलेले होते, नुसता श्वास चालू होता. भावाने फोन त्यांच्या तोंडाजवळ धरला. "ताई, बाबांचा श्वास ऐकू येतोय का? ऐक." भावाचा आवाज मला स्पष्ट ऐकू येत होता. बाबांचा श्वास येत नव्हता. तो बोलायचा थांबला की फोन ठार मुका व्हायचा. मी फोन कानाला लावला, इअरफोन लावले, व्हॉल्यूम वाढवला. काही नाही. माझे वडील गेले आणि मी ते मूकपटासारखं पाहिलं.

पुढे काही महिन्यांनी ऑफिसात एका सहकाऱ्याने कौतुकाने समजावून सांगितलं, हे कॉलवाले सॉफ्टवेअर किती हुशार असतं. बोलणं तेवढं ठेवतं, पंख्याची घरघर, कीबोर्डची टकटक, श्वासाचे आवाज, सगळी गडबड काढून टाकतं. मी सॉफ्टवेअरमध्येच काम करते. मला हे माहीत असायला हवं होतं, पण त्या वेळी सुचतंय कुणाला! कुणीतरी कुठेतरी बसून ठरवलं की माणसाचा श्वास म्हणजे कचरा, आणि माझ्या वडिलांचा शेवटचा श्वास माझ्यापर्यंत येऊ न देता वाटेतच पुसून टाकला. याचा राग कुणावर काढायचा? मी बरीच वर्षं तो नवऱ्यावर काढला.

रेकॉर्डिंग त्यांच्याच पुढच्या खोलीत झालं. काका टीव्हीसमोर, हात मांडीवर. मी खाली सतरंजीवर पेटी घेऊन, नजर त्यांच्या हातावर. पडद्यावरचा म्हातारा श्वास घेई, हात उचलला जाई, मी भाता उघडे. शेवटाकडे श्वास लांब लांब होत गेले तशी मी चुकायला लागले. माझा हात आधीच पुढे जायचा. थांबायची पाळी आली की मी एक जास्तीचा श्वास घालायचे. दोनदा तसंच झालं. त्यांनी टीव्ही बंद केला आणि विचारलं, "कोण आहे हे?" मी त्यांना बाबांचं सगळं सांगितलं. स्वयंपाकघरात जाऊन त्यांनी कॉफी केली, त्यांच्याकडची, तळाशी गाळ राहणारी. मग आम्ही पुन्हा बसलो आणि या वेळी ते झालं.

सिनेमाचं पहिलं स्क्रीनिंग होईपर्यंत त्यांचा उजवा कानही गेला होता. यंत्र लावून समोरच्याचं बोलणं थोडंफार कळायचं, बाकी ओठांवरून. थिएटरच्या गोंगाटात तर काहीच नाही. जायच्या आधी त्यांनी मला बजावलं, "तिथे तू माझा कान. संपल्यावर मी विचारेन, भाता आला का? तू खरं सांगायचंस. लव्हली म्हणायचं नाही." मी वचन दिलं. मला वाटलं, यात काय अवघड आहे!

थिएटर गच्च भरलं होतं. मी त्यांच्या उजव्या हाताला, माझ्या पलीकडे नवरा. सिनेमा चांगला होता, हेही सांगून टाकते. काकांचं संगीत जिथे होतं तिथे इतकं कमी होतं की लोकांना ते आहे हे कळतही नव्हतं, आणि त्यांना तसंच आवडायचं. मग शेवटचा प्रसंग आला. म्हातारा पलंगावर, बाई उशाशी. आणि एक बाई आलाप घ्यायला लागली.

कुठल्या रागाचं नाही, कुठल्या भाषेचं नाही, नुसतं आ-आ करून गळा काढलेला. मागे तंबोऱ्यासारखं काहीतरी गुणगुणतंय. तयार माल! अशा आवाजांच्या लायब्ऱ्या असतात, ‘दुःख’ आणि ‘भारत’ असं लिहून शोधायचं आणि उचलायचं. भाता नव्हता. कण्हणं नव्हतं, हुस्स नव्हतं. मी काकांकडे वळून पाहिलं.

त्यांचा हात मांडीवर होता. पडद्यावरच्या म्हाताऱ्याच्या छातीबरोबर तो उचलला जात होता, टेकत होता. डोळे भरून आलेले होते. त्यांना सगळं ऐकू येत होतं, जसं आम्ही केलं होतं तसं. सगळ्या थिएटरात तो भाता फक्त त्यांनाच ऐकू येत होता, आणि स्पीकरमधून ती बया रडत होती. माझ्या हाताच्या मुठी वळल्या होत्या. नवऱ्याने माझ्या मनगटावर हात ठेवला. त्यालाही कळलं होतं.

दिवे लागले. टाळ्या झाल्या. काका माझ्याकडे वळले. "आला?"

मला त्या क्षणी लव्हली म्हणणं किती सोपं होतं! अख्खा देश ज्याच्यावर चालतो ते एक शब्दाचं तेल माझ्या जिभेवर तयार होतं. मी त्यांच्या डोळ्यांसमोर तोंड नेलं आणि ओठ स्पष्ट हलवून म्हणाले, "नाही."

"थोडाही नाही?"

"नाही. एक बाई गातेय."

त्यांनी हात मांडीवरून उचलला आणि कोटाच्या खिशात घातला. मग म्हणाले, "बुझुकी." आणि उठले.

बाहेर दिग्दर्शक ग्लास घेऊन उभा होता. आम्हाला बघून म्हणाला, "वॉजन्ट इट लव्हली?" मी त्याला बाजूला घेतलं आणि विचारलं की भाता कुठे गेला. त्याने आवाज खाली आणला, जसा आजारी माणसाच्या खोलीबाहेर आणतात. म्हणाला, फाइल आली तेव्हा तिच्यात फार खरखर होती. साउंडवाल्यांनी ती साफ केली. साफ केल्यावर आत काहीच उरलं नाही. म्हणजे फाइल कोरी होती. आम्हाला वाटलं, बिचाऱ्यांना आता ऐकू येत नाही, त्यांच्या हातून रिकामं रेकॉर्डिंग झालं असणार. त्यांना विचारून लाजवायचं कशाला? म्हणून आम्हीच काहीतरी टाकलं. बाईचं भारतीय असणंही त्यात येतं.

म्हणजे पुन्हा तेच. श्वास म्हणजे खरखर, तो काढून टाका. आणि वरून दया! एक फोन केला असता तर. भिंतीपलीकडे मी होते, माझ्याकडे पेटी होती, मूळ फाइल होती. पण विचारलं तर समोरच्याला वाईट वाटेल, म्हणून विचारायचंच नाही आणि त्याचं काम पुसून टाकायचं, याला हे लोक चांगुलपणा म्हणतात. मी त्याला मराठीत ‘मूर्ख माणसा’पासून सुरुवात केली आणि पुढे जे काही बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. नवरा "अगं, अगं" करत राहिला. मग इंग्रजीत सांगितलं की ते संगीत परत घाला. तो हादरला होता. म्हणाला, आय विल लुक इंटू इट.

इथे इतकी वर्षं राहिलेल्या कुणालाही विचारा, लुक इंटू इट म्हणजे काय. सिनेमा पुढे गेला होता, प्रती निघाल्या होत्या, आता हात लावता येत नाही असं कळलं. परीक्षणांत त्या आलापाची वाहवा झाली. ‘काळजाला हात घालणारा पौर्वात्य स्वर’ अशा अर्थाचं कुणीतरी लिहिलं. शेवटच्या नामावलीत हार्मोनियमपुढे माझं नाव होतं, त्यामुळे आमच्या मराठी मंडळाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर माझ्यावर अभिनंदनाचा पाऊस पडला. बर्मिंगहॅमच्या एका डॉक्टर वहिनींचा फोन आला, "अगं, तू गातेस हे बोलली नाहीस कधी! काय आर्त लागलाय गं आवाज! आमच्या गणपतीला येच तू." मी म्हणाले तो आवाज माझा नाही. त्यांना वाटलं मी विनय करतेय.

काका टोमॅटोंकडे बघत बसायचे. रागावा ना, मी त्यांना म्हणायचे, कुणाला तरी कोर्टात खेचा. ते मान हलवायचे. मला त्यांच्या शांत बसण्याचाही राग यायचा, आणि तो मी त्यांना ओठ हलवून हलवून सांगायचे.

गेल्या रविवारी सिनेमा टीव्हीवर आला. दुपारी त्यांनी भिंतीवर ठोकलं. मी गेले तर सतरंजी अंथरलेली होती. "पेटी," ते म्हणाले.

त्यांनी टीव्हीचा आवाज बंद केला. त्यांना तो असला काय नि नसला काय, तो माझ्यासाठी बंद केला. संवाद खाली अक्षरांत येत होते. शेवटचा प्रसंग आला तशी पडद्याच्या तळाशी ओळ उमटली, की भारतीय स्त्रीचं शोकगीत सुरू आहे. काका उठले, जेवणाच्या टेबलावरचं मॅट आणून त्यांनी टीव्हीच्या खालच्या कडेला टेकवलं. ओळ झाकली गेली. मग ते खाली माझ्या शेजारी सतरंजीवर बसले, गुडघ्यांना फार त्रास झाला तरी बसले. एक तळहात त्यांनी पेटीच्या लाकडावर सपाट ठेवला आणि दुसरा मांडीवर.

म्हाताऱ्याने श्वास घेतला. हात उचलला गेला. मी भाता उघडला. लाकूड कण्हलं, आणि त्यांच्या तळहाताखाली ते त्यांना पोचलं असणार, कारण त्यांनी डोळे मिटले. सगळ्या जगात तो सिनेमा चुकीचा चालू होता आणि पिनरमधल्या या एका खोलीत बरोबर. यात समाधान मानावं असं कुणी म्हणेल. मला नाही वाटलं समाधान. बंद खोलीत दोन माणसांपुरतं बरोबर असून काय करायचं आहे? मी दात आवळून भाता मारत होते.

श्वास लांब होत गेले. पडद्यावरची बाई पुढे वाकली. म्हाताऱ्याची छाती खाली गेली ती वर आली नाही. काकांनी हात मांडीवर टेकवला आणि तसाच ठेवला.

मला दिसलं. मला नीट दिसलं होतं. तरी मी भाता उघडला, मिटला, पुन्हा उघडला. त्यांनी पेटीवरचा हात काढला नाही.